सहाय्यक भूमिकेची तयारी: पहिल्या निरोपापासून डबिंगपर्यंतचा क्रम

चित्रपटात किंवा मालिकेत एक, तीन किंवा दहा दिवसांचे काम करणाऱ्या कलाकारांच्या चुका बहुतेक वेळा अभिनयाच्या नसतात, क्रमाच्या असतात. भूमिका मिळाल्याचे कळताच पात्राची चाल, आवाज, चष्मा, एखादी लकब ठरवली जाते, संवाद एका विशिष्ट सुरात पाठ केले जातात, आणि त्या प्रसंगाला आपल्याकडून नेमके काय हवे आहे हा प्रश्न सेटवर पोहोचल्यानंतर, तोही दिग्दर्शकाने नापसंती दर्शवल्यावर पडतो. तोपर्यंत सूर इतका पक्का झालेला असतो की तो मोडता येत नाही. म्हणून पुढील टप्पे ज्या क्रमाने दिले आहेत त्याच क्रमाने घ्यावेत. वेळ कमी असेल तर एखादा टप्पा दहा मिनिटांत उरकला तरी चालेल, पण त्याची जागा बदलू नये.

समजायला सोपे जावे म्हणून एकच उदाहरण सर्वत्र वापरले आहे. रात्रीची वेळ, रुग्णालयातील वॉर्डचे दार. नायक आपल्या मित्राला भेटायला आला आहे. दाराशी टेबलामागे बसलेली परिचारिका त्याला अडवते. तिला तीनच संवाद आहेत: "भेटीची वेळ संपली आहे." "तुम्ही त्यांचे कोण?" आणि "पाच मिनिटे. त्याहून जास्त नाही." दुसऱ्या प्रश्नाला नायक खोटे उत्तर देतो, "भाऊ." पुढे कथेत हेच खोटे त्याला महागात पडते.

टप्पा १: निरोप येण्याआधीची तयारी

कास्टिंग करणाऱ्या व्यक्तीचा निरोप आला की तिला छायाचित्रे, चित्रफीत आणि माहिती बहुधा त्याच दिवशी, कधीकधी तासाभरात हवी असते. त्या वेळी शोधाशोध सुरू झाली तर संधी दुसऱ्याकडे जाते. म्हणून पुढील तीन गोष्टी फोनमध्ये एकाच जागी तयार असाव्यात.

पहिली गोष्ट म्हणजे चार छायाचित्रे: समोरून चेहरा, दोन्ही बाजूंनी चेहरा, आणि डोक्यापासून पायापर्यंत पूर्ण उभे. ती गेल्या सहा महिन्यांतील असावीत आणि त्यांत चेहऱ्यावरच्या सुरकुत्या, व्रण, पांढरे केस तसेच राहू द्यावेत. चरित्र भूमिकांसाठी अनेकदा नेमक्या याच खुणा शोधल्या जातात. त्या पुसून पाठवलेले छायाचित्र पाहून बोलावलेला कलाकार प्रत्यक्षात वेगळा दिसला की दोन्ही बाजूंचा वेळ वाया जातो.

दुसरी गोष्ट म्हणजे दीड ते दोन मिनिटांची शोरील, म्हणजे आपल्या कामाच्या निवडक तुकड्यांची चित्रफीत. तिच्या पहिल्या दहा सेकंदांत तुमचा चेहरा आणि तुमचा आवाज आलाच पाहिजे. संगीतावर जुळवलेली झटपट दृश्यमालिका सुरुवातीला जोडण्याची पद्धत सोडून द्यावी, कारण तिच्यातून तुम्ही कसे ऐकता आणि कसे बोलता यांपैकी काहीही कळत नाही. पूर्वीचे चित्रीकरण हाती नसेल तर साध्या खोलीत नीट चित्रित केलेले दोन छोटे प्रसंग पुरतात. त्यांपैकी एकात तरी तुम्ही बोलण्यापेक्षा ऐकत जास्त असावे.

तिसरी गोष्ट म्हणजे एक पानाची माहिती: उंची, खरोखर बोलता येणाऱ्या भाषा, वाहन चालवणे, पोहणे, एखादे वाद्य यांसारखी कौशल्ये, आणि ती कितपत येतात याचा खरा उल्लेख. "घोडेस्वारी येते" असे लिहिणारा माणूस प्रत्यक्षात एकदाच घोड्यावर बसलेला असेल, तर धोका त्याच्या एकट्यापुरता राहत नाही. त्याच्यासोबत काम करणाऱ्यांनाही इजा होऊ शकते.

> तपासा: तुम्हाला फारसे न ओळखणाऱ्या पाच जणांना तुमचे छायाचित्र दाखवून "हा माणूस काय काम करत असेल?" असे विचारा. आलेली उत्तरे आवडली नाहीत तरी लिहून ठेवा. सुरुवातीच्या काळात बोलावणी बहुधा त्याच यादीतून येतात.

टप्पा २: होकार देण्याआधी विचारायचे प्रश्न

आनंदाच्या भरात लगेच "हो" म्हणण्याची सवय फार महागात पडते. चित्रपट, मालिका की जाहिरात, भूमिका कोणती, कोणत्या तारखा, एकूण किती दिवस, भाषा कोणती, केस किंवा दाढीविषयी काही अट आहे का, ऑडिशनसाठी पूर्ण प्रसंग मिळेल की फक्त आपल्या संवादांचे पान, एवढे प्रश्न नम्रपणे आणि एकाच संदेशात विचारावेत. तारखांपैकी एखादा दिवस आधीच दुसऱ्या कामाला दिलेला असेल तर ते याच वेळी सांगावे. ऑडिशन उत्तम झाल्यानंतर तारखांची अडचण काढणाऱ्या कलाकाराचे नाव लक्षात राहते, पण चुकीच्या कारणासाठी.

> सावधान: ऑडिशन, नोंदणी, ओळखपत्र किंवा पोर्टफोलिओ यांसाठी काम देणाराच पैसे मागत असेल तर तेथेच थांबावे. ऑडिशन कार्यालयाऐवजी खाजगी खोलीत किंवा अवेळी ठेवली असेल तर एकट्याने जाऊ नये, आणि सोबत कोणाला आणण्यास नकार मिळाला तर मुळीच जाऊ नये.

टप्पा ३: पाने चार वेळा वाचणे

सर्वाधिक वेळ येथे द्यावा. पाने हाती येताच आपले संवाद रंगीत पेनाने अधोरेखित करायचे, ही जवळजवळ प्रत्येकाची पहिली कृती असते आणि तीच पहिली चूक असते. रंग लावला की नजर फक्त रंगावर जाते, आणि बाकीचा प्रसंग आपली पाळी येईपर्यंतचा मधला वेळ होऊन बसतो.

पहिले वाचन प्रेक्षकासारखे करावे. आपण त्या प्रसंगात आहोत हे विसरून सुरुवातीपासून शेवटपर्यंत वाचावे आणि प्रसंग संपताना काय बदलले ते एका वाक्यात लिहावे. आपल्या उदाहरणात ते वाक्य असे होईल: नायक मित्राला भेटायला आला आणि आत जाताना खोटा नातेवाईक बनून गेला.

दुसऱ्या वाचनात आपल्या पात्राचे त्या बदलातील काम शोधावे. पात्राचा स्वभाव शोधणे आणि पात्राचे काम शोधणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि त्यांची गल्लत झाली की पुढचे सगळे बिघडते. छोट्या भूमिकेचे काम बहुधा मोजक्या प्रकारांचे असते. ती माहिती देते, वाट अडवते, मुख्य पात्रावर दबाव आणते, त्याने केलेल्या गोष्टीची साक्षीदार होते, किंवा ताण क्षणभर सैल करते. परिचारिकेचे काम अडवण्याचे आहे. ती इतकी ठाम असली पाहिजे की नायकाला खोटे बोलण्यावाचून गत्यंतर राहू नये. हे न ओळखता एखाद्या अभिनेत्रीने तिला कनवाळू, डोळ्यांत पाणी आणणारी, थकलेली पण प्रेमळ अशी रंगवली, तर अभिनय कितीही सुरेख असला तरी प्रसंग कोसळतो, कारण अशा बाईपुढे खरे सांगितले असते तरी तिने आत सोडले असते. मग नायक विनाकारण खोटारडा ठरतो, आणि संकलक शेवटी तिचे क्लोज, म्हणजे चेहऱ्याचे जवळून घेतलेले शॉट, काढून टाकतो. आपले क्लोज का कापले गेले हे त्या अभिनेत्रीला बहुधा कधीच कळत नाही.

ठाम म्हणजे खाष्ट नव्हे. तिच्या बाजूने पाहिले तर वॉर्डमध्ये वीस रुग्ण झोपले आहेत, त्यांतल्या दोघांना दर तासाला तपासायचे आहे, आणि हा माणूस मोठ्याने बोलतो आहे. अडवण्याचे कारण तिच्या कामातून आले की वेगळा कठोरपणा दाखवावा लागत नाही.

तिसऱ्या वाचनात दोन गोष्टी टिपाव्यात: इतर पात्रे आपल्याविषयी काय बोलतात, आणि प्रसंग सुरू होण्याच्या एक मिनिट आधी आपण काय करत होतो. या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर कृतीच्या स्वरूपात असावे. "ती दिवसभराच्या कामाने वैतागली होती" हे उत्तर उपयोगाचे नाही, कारण वैताग करता येत नाही. "ती तापमानाच्या नोंदी तक्त्यात भरत होती आणि एक ओळ चुकली होती" हे उत्तर उपयोगाचे आहे. आता तिच्या हातात पेन आहे, डोळ्यांना काम आहे, आणि नायकाच्या येण्याने ते काम मोडले आहे.

चौथे वाचन आपल्या संवादांचे. आता हवे तर अधोरेखित करावे.

भूमिका लहान आहे म्हणून तिच्यात काहीतरी भरले पाहिजे, असे वाटू लागले तर एक वस्तुस्थिती आठवावी. 'नेटवर्क' या १९७६ च्या चित्रपटात बिअट्रिस स्ट्रेट पडद्यावर जेमतेम पाच मिनिटे दिसतात, आणि तेवढ्या कामासाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचे ऑस्कर मिळाले. त्यांचा मुख्य प्रसंग म्हणजे पतीने विवाहबाह्य संबंधाची कबुली दिल्यानंतरचे पत्नीचे उत्तर. त्यात कोणतीही लकब चिकटवलेली नाही. प्रसंगाचे जे काम आहे ते पूर्ण ताकदीने केलेले आहे.

> तपासा: "या प्रसंगातून मला वगळले तर काय घडणार नाही?" या प्रश्नाचे उत्तर एका वाक्यात देता येत नसेल तर पुढच्या टप्प्याकडे जाऊ नये.

टप्पा ४: संवाद पाठ करणे

संवाद सपाट पाठ करावेत, म्हणजे सूर, विराम, भाव यांपैकी काहीही न ठरवता, फोन क्रमांक पाठ करावा तसे. सूर लावून पाठ केलेला संवाद दिग्दर्शकाच्या एका सूचनेने विस्कळीत होतो. "हेच जरा घाईत म्हणा" असे सांगितल्यावर शब्दच आठवेनासे होतात, कारण शब्द सुराला बांधलेले असतात.

आपल्या संवादाइतकाच समोरच्याच्या संवादाचा शेवट पाठ हवा, कारण क्यू, म्हणजे आपण बोलण्याचा इशारा, तेथून येतो. त्यातही क्यू शेवटच्या शब्दावर येतो असे गृहीत धरू नये. परिचारिकेला "तुम्ही त्यांचे कोण?" हे विचारण्याची गरज नायकाच्या वाक्याच्या मध्येच निर्माण होते, आणि बाकीचे वाक्य ती फक्त ऐकून घेते. ती गरज कोणत्या शब्दावर निर्माण होते तेथे खूण करून ठेवावी.

शब्द बदलू नयेत. विशेषतः माहिती देणाऱ्या आणि विनोदी संवादांत एक शब्द मागेपुढे झाला तरी समोरच्याचे पुढचे वाक्य निरर्थक होऊ शकते. उच्चाराला अवघड शब्द असेल तर तो बदलून मिळेल का, हे चित्रीकरणाच्या आधी सहाय्यक दिग्दर्शकाला विचारावे. टेक, म्हणजे शॉटचे प्रत्यक्ष चित्रण, सुरू असताना तो परस्पर बदलू नये.

> तपासा: हाताने दुसरे काम करत, उदाहरणार्थ कपड्यांच्या घड्या घालत, संवाद न अडखळता म्हणता येतात का? घडी थांबली तर पाठांतर अपुरे आहे.

टप्पा ५: घरून पाठवायची ऑडिशन

सेल्फ टेप नाकारली जाण्यामागे तांत्रिक कारणे इतकी जास्त असतात की त्यांना वेगळा टप्पा द्यावा लागतो. फोन आडवा, स्थिर, डोळ्यांच्या उंचीवर ठेवावा. चौकट छातीपासून डोक्याच्या थोडे वरपर्यंत असावी. मागची भिंत एका रंगाची आणि कपड्यांहून वेगळी असावी. प्रकाश समोरून, किंचित एका बाजूने यावा. खिडकी पाठीमागे कधीच नसावी. दिवसाचा उजेड आणि खोलीतला पिवळा दिवा एकत्र वापरल्यास चेहऱ्याचे दोन भाग दोन रंगांचे दिसतात, म्हणून दोहोंपैकी एकच निवडावा. १९२० बाय १०८० ही प्रतिमेची प्रत पुरेशी असते. त्याहून मोठी फाइल पाठवताना अडकण्याचीच शक्यता जास्त.

समोरच्या पात्राचे संवाद वाचणारी व्यक्ती कॅमेऱ्याच्या अगदी शेजारी बसवावी, म्हणजे तुमची नजर भिंगाच्या जवळ राहील आणि दोन्ही डोळे दिसतील. तसे सांगितलेले नसेल तर थेट भिंगात पाहू नये. वाचणाऱ्याने अभिनय करू नये, पण निर्जीवही वाचू नये. ती व्यक्ती फोनच्या जवळ असल्यामुळे तिचा आवाज तुमच्यापेक्षा मोठा येतो, हे लक्षात घेऊन तिला हळू बोलायला सांगावे.

पहिल्या संवादाआधी दोन सेकंद आणि शेवटच्या संवादानंतर दोन सेकंद प्रसंगातच राहावे. कितीतरी चांगल्या टेप शेवटचा शब्द संपताच फोनकडे झेपावणाऱ्या हाताने बिघडलेल्या मी पाहिल्या आहेत. एकाहून जास्त पाठवायचे असतील तर दोनच टेक पाठवावेत, आणि तेही एकमेकांहून खरोखर वेगळे असतील तरच. परिचारिकेचा एक टेक कामात बुडालेला आणि दुसरा नायकावर संशय घेणारा असू शकतो. पाच सारखे टेक पाठवले तर निर्णय न घेता येणारा कलाकार अशी नोंद होते.

नाव, उंची, राहण्याचे शहर आणि दोन्ही बाजूंचा चेहरा दाखवणारा परिचय वेगळ्या फाइलमध्ये द्यावा. फाइलच्या नावात आपले नाव आणि भूमिकेचे नाव असावे.

> तपासा: पाठवण्याआधी फाइल दुसऱ्या फोनवर उघडून, कानाला हेडफोन लावून पूर्ण ऐकावी.

टप्पा ६: निवड झाल्यावर: करार आणि तक्ता

करार लेखी असावा. लहान कामासाठी ईमेलवरील स्पष्ट संदेशही तोंडी आश्वासनापेक्षा कितीतरी बरा. त्यात कामाचे दिवस, दिवसाचे तास, जास्तीच्या तासांचा व जास्तीच्या दिवसाचा मोबदला, पैसे कधी मिळणार, डबिंग त्याच रकमेत आहे का, प्रवास व राहण्याचा खर्च, श्रेयनामावलीतील नाव, आणि चित्रीकरण रद्द झाल्यास काय, हे मुद्दे असावेत. केस किंवा दाढी ठरावीक काळ तशीच ठेवायची असेल तर तो काळ नेमका लिहून घ्यावा, कारण त्या काळात दुसरी कामे हातची जातात. मालिकेसाठी महिन्याला किमान किती दिवस आणि पात्र संपवायचे झाल्यास किती आधी कळवणार, हे दोन मुद्दे अधिक घालावेत.

करारानंतर लगेच एक तक्ता करावा, आणि याबाबत आळस करू नये. चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही. समजा, परिचारिका तीन प्रसंगांत आहे: प्रसंग १४ मध्ये ती नायकाला अडवते, प्रसंग १५ मध्ये त्याला बाहेर जाताना पाहते, आणि प्रसंग ६२ मध्ये पोलिसांना जबाब देते. पोलीस ठाण्याचे स्थळ आधी मिळाले म्हणून प्रसंग ६२ पहिल्याच दिवशी चित्रित होतो. अजून न भेटलेल्या माणसाविषयी तिला जबाब द्यायचा आहे. अशा वेळी तक्त्यातील प्रत्येक ओळीत प्रसंग क्रमांक, कथेतील दिवस व वेळ, आधी कुठून आले, त्या क्षणी पात्राला काय माहीत आहे आणि काय माहीत नाही, आणि शरीरावर किंवा कपड्यांवर काय बदल आहे, एवढे रकाने पुरतात. "काय माहीत नाही" हा रकाना सर्वांत जास्त उपयोगी पडतो. प्रसंग १४ मध्ये नायक खोटे बोलतो आहे हे परिचारिकेला माहीत नाही. पण अभिनेत्रीने प्रसंग ६२ आधीच केलेला असल्यामुळे तिच्या नजरेत ती जाण नकळत उतरते.

कपड्यांच्या तपासणीत आरशासमोर उभे राहून समाधान मानू नये. बसावे, वाकावे, हात वर करावा, चालावे. चालण्याची पद्धत पायांतील जोड्याने ठरते, म्हणून प्रत्यक्ष वापरायचा जोडा त्याच दिवशी मागावा. छातीशी लावलेला लेपल माइक कडक खळीचे किंवा कृत्रिम धाग्याचे कापड घासले की खरखरतो. अशी शंका आल्यास वेशभूषाकाराला आधीच सांगावे.

> सावधान: निवड झाल्यापासून चित्रीकरण संपेपर्यंत केस, भुवया, दाढी, मिशी यांना कोणाला न विचारता हात लावू नये. ऑडिशनमध्ये पसंत पडलेला चेहराच त्यांना हवा असतो.

टप्पा ७: सेटवरचा दिवस

कॉल टाइम ही सेटवर हजर असण्याची वेळ आहे, घरून निघण्याची नव्हे. पोहोचताच सहाय्यक दिग्दर्शकाला कळवावे आणि त्यानंतर न सांगता कोठेही जाऊ नये. वाट पाहण्याचा वेळ बहुधा कामाच्या वेळेपेक्षा मोठा असतो. तो गप्पांत घालवला तर पाळी येते तेव्हा घसा आणि लक्ष दोन्ही थकलेले असतात.

*हालचाल आणि मार्क.* तालमीत दिग्दर्शक जागा ठरवतो आणि जमिनीवर खूण केली जाते. खाली न पाहता खुणेवर थांबता यावे यासाठी खुणेवर उभे राहून उलट्या दिशेने सुरुवातीच्या जागेपर्यंत पावले मोजावीत, आणि टेकमध्ये तितकीच पावले पुढे यावे. मार्क चुकला तर प्रकाश आणि फोकस दोन्ही चुकतात. लांब भिंगाच्या क्लोजमध्ये, उदाहरणार्थ ८५ मिलिमीटरच्या, स्पष्ट दिसणारे पुढचे-मागचे अंतर इतके कमी असू शकते की चार बोटे पुढे झुकले तरी डोळे अस्पष्ट होतात. म्हणून प्रत्येक शॉटआधी चौकट कोठून कोठपर्यंत आहे हे कॅमेरामनच्या सहाय्यकाला विचारून घ्यावे.

*मास्टर शॉटमध्ये काय करावे.* येथे सर्वांत मोठी फसगत होते. बहुधा आधी मास्टर, म्हणजे संपूर्ण प्रसंगाचा एकत्र शॉट, घेतला जातो, मग सजेशन, म्हणजे समोरच्याच्या खांद्यावरून घेतलेला शॉट, आणि शेवटी क्लोज. मास्टरमध्ये केलेली प्रत्येक हालचाल पुढच्या सर्व शॉटमध्ये त्याच शब्दावर, त्याच हाताने करावी लागते, नाहीतर ते तुकडे जोडता येत नाहीत. उत्साहाच्या भरात परिचारिकेने मास्टरमध्ये पेन खाली ठेवले, चष्मा काढला, तक्ता बंद केला आणि केस सावरले, तर पुढचे चार तास तिला चार गोष्टींचा हिशेब ठेवावा लागेल, आणि ऐकण्याकडे लक्ष उरणार नाही. त्याऐवजी एकच कृती निवडावी आणि ती शब्दाला बांधावी: "कोण" या शब्दावर उजव्या हातातील पेन थांबते, आणि "पाच मिनिटे" म्हणताना ते पुन्हा लिहू लागते. एवढ्या कृतीत अडवणेही आले आणि सोडणेही आले. कन्टिन्यूटी, म्हणजे शॉटमागून शॉट जुळण्याचा हिशेब, सांभाळणारा सहाय्यक असतोच, पण त्याचे लक्ष मुख्य पात्रावर जास्त असणे स्वाभाविक आहे. आपल्या हातांची जबाबदारी आपलीच.

*लुक.* क्लोजमध्ये समोरचा कलाकार कॅमेऱ्याच्या कोणत्या बाजूला आहे यावर तुमचा लुक, म्हणजे नजरेची दिशा, डावा की उजवा हे ठरते. समोर प्रत्यक्ष कोणी नसून फक्त खूण असेल तर ती खूण त्या व्यक्तीच्या डोळ्यांच्या उंचीवर आहे का हे पाहून घ्यावे. बसलेली परिचारिका उभ्या नायकाकडे पाहते, म्हणून तिची नजर वर जाते. क्लोजमध्ये ती सरळ झाली तर दोघे एकाच ठिकाणी आहेत असे वाटत नाही.

*ऐकणे.* सहाय्यक कलाकाराचा पडद्यावरचा वेळ अनेकदा संवादांमुळे वाढत नाही, प्रतिक्रियांमुळे वाढतो. संकलकाला कापण्यासाठी जागा हवी असते, आणि ती त्याला ऐकणाऱ्या चेहऱ्यावर मिळते. ऐकताना मान डोलावणे, भुवया उंचावणे, प्रत्येक शब्दाला चेहऱ्याने उत्तर देणे टाळावे. ज्या कामात तुमचे पात्र गुंतले आहे ते काम आणि समोरून येणारे शब्द यांत लक्ष विभागले की चेहऱ्यावर आपोआप काहीतरी घडते. क्लोजमध्ये समोरच्याच्या वाक्यावर आपले वाक्य चढवू नये. दोन्ही आवाज एकाच ध्वनिपट्टीवर मिसळले तर ते वेगळे करता येत नाहीत. एकमेकांवर बोलणे हवे असेल तर दिग्दर्शक तसे सांगेल.

*समोरच्याच्या क्लोजसाठी क्यू देणे.* आपण चौकटीबाहेर असताना संवाद पूर्ण ताकदीने आणि त्याच गतीने द्यावेत. हे सौजन्य तर आहेच, शिवाय नायकाचा चेहरा खोटे बोलताना खरा दिसावा यासाठी समोरून खरे अडवणे आवश्यक असते. तुमच्या भूमिकेचे काम कॅमेरा तुमच्यावर नसतानाही चालू असते.

> सावधान: चूक झाली तरी स्वतः "कट" म्हणू नये, थांबू नये, कॅमेऱ्याकडे पाहू नये. दिग्दर्शकाने थांबवेपर्यंत प्रसंग चालू ठेवावा. चुकलेल्या टेकमधील दोन सेकंदही उपयोगी पडू शकतात. शारीरिक धोका असेल तर मात्र हा नियम लागू नाही. तेव्हा लगेच थांबावे.

दिग्दर्शकाला प्रश्न विचारायचाच असेल तर तो "हो" किंवा "नाही"मध्ये उत्तर देता येईल असा असावा. "तिला तो खोटे बोलतो आहे असा संशय आहे का?" हा प्रश्न सेटवर चालतो. "तिचे बालपण कसे असेल?" हा प्रश्न वाचनाच्या दिवशी विचारायचा असतो.

मालिकेत अनेकदा एकापेक्षा जास्त कॅमेरे एकाच वेळी चालू असतात आणि पाने त्याच दिवशी हातात पडतात. तेथे चार वाचनांना पंधरा मिनिटेच मिळतील. तरीही क्रम तोच ठेवावा आणि पाठांतर शेवटी करावे. उभे राहताना दुसऱ्या कलाकाराचा चेहरा आपल्यामागे झाकला जात नाही ना, एवढे पाहावे.

टप्पा ८: डबिंग

सेटवरचा आवाज वापरण्याजोगा नसेल तर आठवडे किंवा महिन्यांनंतर डबिंगसाठी बोलावले जाते, आणि तोपर्यंत पात्र विस्मरणात गेलेले असते. टप्पा ६ मधील तक्ता येथे पुन्हा काढावा.

स्टुडिओत आधी मूळ आवाजासह प्रसंग तीन वेळा पाहावा: एकदा अर्थासाठी, एकदा श्वासांसाठी, एकदा ओठांसाठी. प, फ, ब, भ, म या अक्षरांना ओठ मिटतात आणि पडद्यावर ते स्पष्ट दिसते, म्हणून जुळवणी त्यांच्या आधारे करावी. परिचारिकेचा पहिला संवाद "भ"ने आणि शेवटचा "प"ने सुरू होतो. हे दोन क्षण जुळले की मधले शब्द बरेचसे आपोआप बसतात. संवादाआधीचा श्वासही मुद्रित करावा, कारण तो नसेल तर आवाज चेहऱ्यावरून उचलून ठेवल्यासारखा वाटतो.

शरीर प्रसंगात जसे होते तसे ठेवावे. बसून, मान वर करून म्हटलेले वाक्य ताठ उभे राहून म्हटले तर घशाचा आवाज बदलतो. रात्रीच्या वॉर्डमधली परिचारिका दबक्या आवाजात बोलते, पण बंद स्टुडिओत कलाकार नकळत मोठ्याने बोलू लागतो. ध्वनिमुद्रकाने ठरवून दिलेले माइकचे अंतर स्वतः बदलू नये. आवाज कमी वाटला तर ते त्याला सांगावे.

> तपासा: मुद्रित वाक्य एकदा पडदा न पाहता ऐका. त्यातून माणूस बोलतो आहे असे वाटत नसेल, फक्त ओठ जुळले आहेत असे वाटत असेल, तर आणखी एक टेक मागा.

टप्पा ९: नोंदी आणि पुढचे काम

प्रत्येक कामानंतर त्याच आठवड्यात वहीत नोंद करावी: तारखा, भूमिका, प्रसंगातील तिचे काम (टप्पा ३ मधील अर्थाने), वेशभूषेचे छायाचित्र, सहाय्यक दिग्दर्शकाचा संपर्क, येणे असलेली रक्कम आणि ती मिळण्याची तारीख. तारीख उलटल्यास आठवण लेखी द्यावी, आणि प्रत्येक वेळी कराराचा उल्लेख करावा. तक्रारीचा सूर लावण्याची गरज नसते. उत्पन्न अनियमित असल्यामुळे आलेल्या प्रत्येक रकमेतून कराचा भाग लगेच वेगळा काढावा.

प्रदर्शनानंतर आपल्या प्रसंगाची चांगल्या प्रतीची चित्रफीत परवानगी घेऊन मिळवावी आणि शोरीलमधील सर्वांत कमकुवत तुकड्याच्या जागी ती घालावी. नुसती जोडत गेल्यास शोरील लांबत जाते. कास्टिंग करणाऱ्यांना संदेश पाठवायचा तो सांगण्यासारखे खरोखर काही असेल तेव्हाच: नवे काम प्रदर्शित झाले, चेहऱ्यात बदल झाला, किंवा ठरावीक तारखा मोकळ्या झाल्या.

एकाच छापाच्या भूमिका येत राहिल्या तर अनेक जण घाईने नकार देऊ लागतात. माझ्या मते सुरुवातीच्या काही वर्षांत तसे करू नये. सलग चार वेळा परिचारिका साकारणाऱ्या अभिनेत्रीकडे पाचव्या वेळी तीन संवादांऐवजी दोन पानांचा प्रसंग येण्याची शक्यता असते, कारण ती भूमिका तिच्यावर विश्वासाने टाकता येते. वहीतील नोंदी येथे उपयोगी पडतात. व्यवसाय तोच असला तरी प्रसंगातील काम वेगळे आहे का, ते त्यांतून कळते. आतापर्यंतच्या चारही परिचारिकांनी वाट अडवलेली असेल आणि पाचवी एखादे गुपित लपवणारी असेल, तर भूमिका नवी आहे आणि ती घ्यावी. पाचवीही फक्त दार अडवणारीच असेल, तर तारखा देण्याआधी मोबदला किंवा प्रसंगांची संख्या वाढवून मागावी.